पाणी सुरू, केस बंद

माझा डावा हात मोडला तेव्हा सकाळचे दहा वाजले असतील. ऊन वर आलं होतं आणि विहिरीवर आम्ही अकरा बायका होतो. मोडणारा माणूस गावातलाच, सोसायटीचा पाटकरी. पाटकरी म्हणजे पाणी सोडणारा. कुणाच्या उसाला किती तास द्यायचे ते चेअरमन ठरवायचे आणि हा सोडायचा. त्याच्याकडे व्हॉल्व्ह फिरवायची चावी असायची. कुलपाच्या चावीसारखी ती नसते. ही कमरेइतकी उंच लोखंडी सळई होती, वर आडवी मूठ, खाली चौकोनी तोंड. जमिनीतल्या चेंबरात उभ्यानं घालायची आणि दोन्ही हातांनी फिरवायची. त्यानं ती उचलली आणि माझ्या डोक्यावर आणली. मी हात आडवा धरला. वाळलेली तुराटी मोडावी तसा आवाज आला. दुखलं नंतर. आधी घागर दगडावर पडल्याचं ऐकू आलं आणि माझ्या मनात आलं, ही चेपली.

त्यानं मलाच मारलं असं नाही. माझ्या पाठीमागं एक म्हातारी होती, तिच्या मांडीत लाथ घातली. दोघींच्या मातीच्या घागरी चावीनं फोडल्या. एकीचे केस धरून तिला विहिरीच्या कठड्यापाशी नेलं आणि तिचं तोंड आत वाकवून म्हणाला, बघ पाणी, बघून घे पोटभर. आम्ही ओरडलो नाही. ओरडायला तिथं कोण होतं. उसात चार-सहा माणसं पाणी धरत होती, त्यांनी माना वर केल्या आणि परत खाली घातल्या.

आम्ही त्या विहिरीवर का गेलो ते सांगायला पाहिजे.

आमचं गाव धारूरच्या डोंगराखाली. गावच्या खाली छोटा तलाव आणि तलावाच्या पोटाशी मोठी विहीर. ती विहीर सहकारी सोसायटीची. बागायतदारांनी मिळून सरकारच्या मदतीनं ती पाडली, मोटारी बसवल्या, शेताशेतात नळ्या नेल्या. आमची वस्ती बौद्धांची, ओढ्यापलीकडं. आमच्यापैकी कुणी सोसायटीत सभासद नव्हतं, कारण सभासद व्हायला नळीखाली जमीन लागायची. पण सरकारनं वस्तीला पिण्याचं पाणी द्यायचं ठरवलं तेव्हा त्याच विहिरीवरून एक बारीक नळी आमच्याकडं आणली होती. सकाळी दोन तास. चांगल्या सालात ते पाणी येतही होतं.

मग एक पावसाळा कोरडा गेला, आणि दुसरा त्याच्याहून कोरडा. तलावाची भेगाळलेली माती झाली. हातपंपातून हवा यायची. पाणी राहिलं फक्त त्या विहिरीत, आणि बागायतदारांचा ऊस उभा होता. चेअरमनांनी आमची नळी बंद करायला सांगितली. टँकर यायचा तो गावात यायचा, आमच्यापर्यंत येईस्तोवर त्याच्या तळाचा गाळ उरायचा.

माझा नवरा आणि वस्तीतले दोघे जण बीडला गेले. तिथं आमच्याच समाजाचे एक वकील होते. त्यांनी औरंगाबादला वरच्या कोर्टात अर्ज केला. दसऱ्यानंतर हुकूम आला. विहिरीत पाणी आहे तोवर वस्तीला रोज सकाळी दोन तास पिण्याचं पाणी सोडावं, उसाला त्याच्या मागून. वकिलांनी हुकमाची नक्कल नवऱ्याच्या हातात दिली. त्यानं ती चेअरमनांना नेऊन दिली. चेअरमन पलंगावर बसून दाढी करून घेत होते. त्यांनी ओल्या हातानंच कागद घेतला, त्याला म्हणे साबण लागला, आणि म्हणाले, "कोर्टाला सांग, मोटार जळालीय."

मोटार रात्रंदिवस चालत होती. आम्हाला वस्तीत ऐकू यायची.

असे तीन महिने गेले. संक्रांत झाल्यावर आम्ही बायका ठरवून गेलो. हुकूम आहे म्हणून गेलो. आम्हाला वाटलं, कोर्टाचा हुकूम म्हणजे आपल्या पाठीशी कुणीतरी उभं आहे. त्या दिवशी माझा हात मोडला.

हात शेजारच्या गावच्या एका माणसानं बसवला. तो गुरांचेही पाय बसवायचा. बांबूच्या कामट्या आणि अंड्याचा पांढरा बलक लावून त्यानं बांधला. बसवताना दोघींनी माझे खांदे धरले होते आणि तोंडात पदराचा बोळा दिला होता. हात बसला तो वाकडाच बसला. सासू म्हणाली, "वाकडा तर वाकडा. घागर कमरंला चांगली बसंल." बायका हसल्या. मीही हसले. तिचा स्वभाव तसा होता. ती रडायची नाही आणि दुसऱ्याला रडू द्यायची नाही.

नवरा मला ठाण्यात घेऊन गेला. तिथं जो बसला होता त्यानं हाताकडं पाहिलं, कामट्यांकडं पाहिलं, आणि विचारलं की पाण्याचं मॅटर कोर्टात चालू आहे ना. नवरा हो म्हणाला. मग तिथंच सांगा, म्हणाला, एका भांडणाच्या दोन केशी कशाला. आम्ही बाकावर दुपारपर्यंत बसलो. मला बोलायचं होतं, पण परक्या पुरुषापुढं माझं तोंड उघडत नाही. लहानपणापासून तसंच आहे. चौथीनंतर शाळा सुटली ती पण त्यामुळंच, पाचवीला दुसऱ्या गावी जावं लागायचं आणि तिथं मास्तर सगळ्यांदेखत प्रश्न विचारायचे.

वकिलांना नवऱ्यानं सगळं सांगितलं. ते म्हणाले, आता अवमानाची याचिका करू. कोर्टानं सांगितलेलं मुद्दाम पाळलं नाही तर तो कोर्टाचा अवमान. त्यात चेअरमनला स्वतः उभं राहावं लागेल, आणि कैदही होऊ शकते. मलाही त्यांनी बीडला बोलावून घेतलं. माझ्या हाताचा फोटो काढला. कागद तयार झाल्यावर त्यांनी एक पान माझ्यापुढं धरलं. इंग्रजीत होतं. मी विचारलं, माझं कुठं आहे. एवढंच विचारलं मी त्यांना त्या दिवशी. त्यांनी बोट ठेवलं. वरून सातवी ओळ. तिथून पुढच्या चार ओळी तुमच्या, ताई, म्हणाले. मी त्यांना त्या मराठीत सांगायला लावल्या. हुकूम असताना पाणी भरायला गेलेल्या अर्जदाराच्या बायकोला सोसायटीच्या नोकरानं लोखंडी चावीनं मारलं आणि तिचा हात मोडला.

माझा हात मोडल्याचं जगात तेवढ्या एका ठिकाणी लिहिलेलं होतं. ठाण्यात नव्हतं, पंचायतीत नव्हतं. मला वाटायचं, न्यायाधीश ते पान उलटतील, सातव्या ओळीवर येतील आणि मान वर करून विचारतील, ही बाई कोण? मग मी उभी राहीन. बोलता आलं नाही तर हात दाखवीन. बाकी लोकांना पाणी पाहिजे होतं. मलाही पाणी पाहिजे होतं, पण मला हेही पाहिजे होतं.

चेअरमनांना नोटीस आली आणि मग गाव पेटलं. पिठाच्या गिरणीवाल्यानं आमचे डबे बाहेर ठेवले. आम्ही जोंधळे खलबत्त्यात कुटून खाल्ले. आमच्या हातपंपाची सळई कुणीतरी उपसून नेली, म्हणजे पुढं पाऊस पडला तरी तो चालू नये. दुपारी घरांवर दगड यायचे. एकदा माझी मुलगी दारात भांडी घासत होती, म्हणजे राखेनं पुसत होती, तेव्हा दगड पत्र्यावरून घरंगळून तिच्या पाठीत बसला. ती सहा वर्षांची होती. तिनं तो दगड उचलून आत आणला आणि मला दाखवला, हा बघ.

होळीच्या आधी फाट्यावर नवऱ्याला गाठलं. चौघे होते, ओळखीचे. एक त्याच्याबरोबर दुष्काळी कामावर खडी फोडायला होता. त्याला ओढत चेअरमनांच्या मळ्यात नेलं. तिथं बैलांना पाणी पाजायचा दगडी हौद होता, भरलेला. त्याचे हात मागं धरले आणि डोकं हौदात दाबलं. "पानी पाहिजे ना रं तुला? पी मग." वर काढायचे, श्वास घेऊ द्यायचे, परत दाबायचे. हौदाच्या काठावर तोंड आपटून त्याचे पुढचे दोन दात पडले. त्यानं मला हे एकदाच सांगितलं आणि सांगताना तो भिंतीकडं बघत होता. घरी आला तेव्हा त्याचा सदरा छातीपर्यंत ओला होता. सहा-सात महिन्यांत आमच्या घरात इतकं ओलं काही आलं नव्हतं. माझ्या मनात काय आलं ते मी कुणाला कधी सांगितलं नाही. माझ्या मनात आलं की सदरा पिळून ठेवावा.

कोर्टात तारखा पडत होत्या. वकील म्हणायचे, धीर धरा, पुढच्या तारखेला त्याला जातीनं हजर राहायचा हुकूम झालाय, आता सुटका नाही. वैशाखातली ती तारीख होती. वस्तीत सगळे बोटं मोजत होते. नवरा मला म्हणाला, तूही चल, हात दाखवायला लागेल. मी एकमेव चांगलं लुगडं काढून ठेवलं.

तारखेच्या चार दिवस आधी सकाळी वस्तीतल्या नळाला फुसफुस ऐकू आली. आधी हवा आली, मग तांबडं पाणी, मग निवळ. कुणाला खरं वाटेना. पोरं नळाखाली जाऊन बसली. बायका हंडे, डबे, तवे, जे हाताला लागेल ते घेऊन आल्या. त्या वेळी वस्तीत पुरुष नव्हते, सगळे खडीच्या कामावर गेले होते. आमचं भरून होत होतं तोवर सोसायटीचे सेक्रेटरी आले, बरोबर फोटोवाला. पाटकरीही होता, पण तो ओढ्यापलीकडं व्हॉल्व्हपाशीच उभा होता. फोटोवाल्यानं आमचे भरलेल्या भांड्यांसकट फोटो काढले. सेक्रेटरींनी कागद काढला. पंचनामा, म्हणाले. आज पाणी सोडलं, दोन तास सोडलं, वस्तीला मिळालं, त्याचा. वस्तीतलं कुणीतरी सही करा.

आता हे बाहेरच्या माणसाला कळणार नाही. आमच्या वस्तीत बायकांच्या वतीनं सही करायची ती मी. दुष्काळी कामावर आमच्या टोळीच्या हजेरीवर सही माझी, दवाखान्याची बाई आली तर तिच्या वहीत माझी. बाकीच्यांचे अंगठे. कागद आला की बायका मागं सरायच्या आणि मी एकटी पुढं राहायची. बोलायला मी सगळ्यांच्या मागं, पण सहीला पुढं. त्या दिवशीही तसंच झालं. "हिला येतंय, हिची चौथी झालीय," असं म्हणत कुणीतरी मला पाठीत ढकललं. मी कागद वाचला. सगळा वाचला. त्यात एकही शब्द खोटा नव्हता. पाणी सोडलं होतं. दोन तास सोडलं होतं. आमची भांडी भरलेली होती. मी पेन घेतलं आणि माझं नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव, सगळं नीट ओळीवर लिहिलं. वाकड्या हातानं कागद धरला होता. सेक्रेटरी म्हणाले, अक्षर चांगलं आहे हो बाई तुमचं. मला बरं वाटलं, हे मी लपवत नाही.

संध्याकाळी नवऱ्यानं पाणी पाहिलं आणि तो नळाखाली बसून राहिला. सहीचं मी त्याला सांगितलं नाही. लपवायचं म्हणून नव्हे. हजेरीची सही मी त्याला कधी सांगत होते?

औरंगाबादला आम्ही एसटीनं आदल्या दिवशी गेलो आणि समाजाच्या एका वसतिगृहात राहिलो. सकाळी कोर्ट. वकिलांनी आम्हाला मागच्या बाकावर बसवलं. चेअरमन पुढं होते, पांढऱ्या कपड्यांत, हात जोडून. मी त्यांना असं हात जोडून कधी पाहिलं नव्हतं. पाटकरी नव्हता. त्याला कुणी बोलावलंच नव्हतं, तो नोकर.

आमचा नंबर आला. चेअरमनांच्या वकिलांनी एक कागदांचा गठ्ठा दिला, त्यात वर चेअरमनांचा माफीनामा होता. इंग्रजीत बोलणं होतं, मध्ये मध्ये मराठी. आमच्या वकिलांनी मला नंतर सगळं समजावलं, पण काही तेव्हाच कळलं. न्यायाधीशांनी आमच्या वकिलांना सरळ मराठीत विचारलं, "पाणी सुरू आहे का?"

वकील म्हणाले, सुरू आहे, चार दिवसांपासून. पण त्याआधी साडेसहा महिने—

न्यायाधीशांनी हात वर केला. समोरच्या वकिलांनी फोटो दाखवले. मग माझ्या सहीचा कागद दाखवला. म्हणाले, अर्जदाराच्या पत्नीचीच सही आहे. आमच्या वकिलांनी वळून आमच्याकडं पाहिलं. नवऱ्यानं माझ्याकडं पाहिलं. मी खाली फरशीकडं पाहिलं.

आमचे वकील थांबले नाहीत. ते पान उलटून सांगू लागले की हुकूम चालू असताना एका बाईचा हात मोडला आहे, ती इथं हजर आहे. मी लुगडं सावरलं. उठायचं की नाही ते कळेना. पुढचा बाक धरून मी अर्धी उठले. न्यायाधीश रागीट नव्हते. त्यांनी शांतपणे सांगितलं की मारहाणीसाठी फौजदारी कायदा आहे, तिकडं जायची मुभा आहे. अवमानाची कारवाई हुकूम पाळला जावा म्हणून असते, सूड घ्यायला नसते. हुकूम पाळला गेला, माफी आली, ती मनापासूनची दिसते. आता यात काही उरलं नाही. याचिका निकाली. शेवटचे दोन शब्द मराठीत आले, ते चेअरमनांनाही कळले, कारण त्यांनी जोडलेले हात सोडले.

पुढचा नंबर पुकारला. मी अर्धी उठलेली होते, तशीच बाहेर आले.

व्हरांड्यात वकिलांनी आम्हाला भिंतीपाशी उभं करून सांगितलं. "ताई, अवमान होतो तो कोर्टाचा. तुमचा नाही. त्याचं ऐकलं गेलं, त्याचं भागलं. पाणी बंद असतं तर चेअरमनला आज आत घातला असता, म्हणून तर त्यानं चार दिवस आधी सोडलं. सगळे असंच करतात. तुमची सही नसती तरी फोटोवर भागलं असतं. सहीचं मनाला लावून घेऊ नका." ते हे मला म्हणाले, पण बघत होते नवऱ्याकडं. परत पाणी बंद केलं तर परत अर्ज करता येईल, नव्यानं, असंही म्हणाले. नवऱ्यानं विचारलं, आणि ते साडेसहा महिने? वकिलांनी चष्मा काढून पुसला.

चेअरमन शेजारून गेले. त्यांच्याबरोबर दोघे होते. ते थांबले आणि नवऱ्याला म्हणाले, "जीपमदी जागा हाय. येता का दोघं? एकाच गावाला जायचंय, कशाला एसटीला पैसे घालता." मग मला म्हणाले, "हात बरा हाय ना गं आता?" त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. एखाद्या सोयऱ्यानं विचारावं तसं विचारलं.

नवऱ्यानं आमची पिशवी उचलली. आम्ही चालत स्टँडवर आलो. तिथं फलाटावर, बीडच्या गाडीची वाट बघणाऱ्या सगळ्या लोकांदेखत, त्यानं मला मारलं. पहिली थप्पड कानावर बसली, दुसरी तोंडावर. तिसऱ्या वेळी मी हात आडवा केला, तोच हात. त्याचा फटका त्याच हाडावर बसला आणि मी खाली बसले. तो म्हणाला, "माझं डोकं हौदात घातलं त्यांनी. आन् तू सही देती." लोक बघत होते. एक म्हातारी म्हणाली, घरी जाऊन मारा की. पुढचे दात नसल्यामुळं त्याचं बोलणं फुटत होतं. मी त्याला सांगू शकले असते की वकील आत्ताच म्हणाले, सहीनं काही झालं नाही. सांगितलं नाही. गाडी आली तेव्हा त्यानं खिडकीची जागा मला दिली. त्या दिवसानंतर त्यानं माझ्यावर हात टाकला नाही, आणि त्या दिवसाबद्दल माफीही मागितली नाही.

पाणी मात्र बंद झालं नाही. हे मला लिहिलंच पाहिजे, कारण लोकांना वाटतं की केस संपली की ते परत बंद करतात. आमच्याकडं नाही केलं. चेअरमन घाबरले होते, किंवा त्यांचा ऊस तोवर वाळून गेला होता. रोज सकाळी दोन तास पाणी यायचं. पण वस्तीतल्या नळाला जोर नव्हता, म्हणून आम्ही ओढ्यापलीकडं व्हॉल्व्हच्या चेंबरापाशीच भरायला जायचो, तिथं नळीला एक तोटी होती. व्हॉल्व्ह उघडायला पाटकरी यायचा. तीच चावी घेऊन. चेंबरात घालायचा, दोन्ही हातांनी फिरवायचा, आणि मग चावीवर हनुवटी टेकून आम्ही भरेपर्यंत उभा राहायचा. बायकांशी हसायचा, बोलायचा. एकीला म्हणायचा, वहिनी, किती न्हाताय रोज, पाणी संपवाल. मी माझी घागर धरायची आणि त्याच्या हातांकडं बघायची. त्याच्या उजव्या हाताच्या करंगळीला नख नव्हतं. इतक्या जवळून मी ते हात रोज बघायची.

पंधरा दिवस मी काढले. मग वकिलांनी पाठवलेली निकालाची नक्कल घेतली आणि एकटी ठाण्यात गेले. नवऱ्याला सांगितलं नाही. माझ्या आयुष्यात मी एकटी अशी कुठं गेलेली ती पहिली वेळ. त्याच माणसापुढं कागद ठेवला. बोलायचं मी वाटेत पाठ केलं होतं. मी म्हणाले, कोर्टानं सांगितलंय, मारहाणीचं तुमच्याकडं सांगायचं. त्यानं कागद वाचला, उलटा करून मागचीही बाजू बघितली. म्हणाला, "यात निकाली लिवलंय. निकाली म्हंजे संपलं. आता संपलेलं मी कशाला काढू? पाणी येतंय न्हवं?"

मी म्हणाले, येतंय.

"मग?"

पाठ केलेलं संपलं होतं. मी कागद घडी करून परत घेतला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पाण्याला सगळ्यांच्या आधी गेले. सासू माझ्या मागून आली, तिच्या डोक्यावर हंडा होता. मग बाकीच्या आल्या. पाटकरी आला. त्यानं चावी चेंबरात घालायला खाली केली, तेव्हा मी चेंबराच्या तोंडापाशी बसले आणि माझा वाकडा हात सिमेंटच्या कडेवर आडवा ठेवला.

तो म्हणाला, "सर की."

मी विचारलं, "हा हात तूच मोडलास ना?" त्याला मी पहिल्यांदा अरेतुरे केलं होतं. माझा आवाज इतका बारीक आला की मागच्या बायकांना ऐकू गेला नसेल.

तो इकडंतिकडं बघून हसला. म्हणाला, "ते कोर्टात मिटलं ना आता."

"मिटलं म्हणून सांगते. परत मोड. आज मोडला तर नवी केस होईल."

मी हे रागानं म्हणाले नव्हते. मी खरंच तसा विचार केला होता. रात्रभर केला होता. जुनं मोडलेलं कुणी मोजत नाही, मग नवं मोडावं लागेल, आणि हात तर आधीच वाकडा आहे. मी त्याला जागाही दाखवली, दुसऱ्या हाताच्या बोटानं, जिथं हाड वर आलेलं आहे तिथं.

त्यानं चावी वर धरली. मला वाटतं त्याला ती फक्त माझ्यापासून लांब न्यायची होती, पण त्या क्षणी मला तसं वाटलं नाही. मी डोळे मिटले आणि दात आवळले. मागं एका बाईनं भांडं खाली ठेवल्याचं ऐकलं. काहीच झालं नाही. डोळे उघडले तेव्हा चावी अजून त्याच्या हातातच होती. त्यानं ती माझ्या हाताच्या पलीकडून चेंबरात घातली, पण चौकोनी तोंड बसेना. दोनदा घसरलं, लोखंडावर लोखंड वाजलं. तो माझ्याकडं न बघता बायकांना म्हणाला, "हिला येड लागलंय. हिला काढा हितून."

कुणी पुढं आलं नाही. पण कुणी माझ्या बाजूनंही बोललं नाही. त्या उन्हात उभ्या होत्या, दोन तासांतला वेळ चालला होता. मला ते दिसत होतं. मागून एकीचा हळू आवाज आला, अगं, पाण्याचा टाइम जातोय. ती वाईट बाई नव्हती. तिच्या घरी दोन लहान पोरं तापानं फणफणत होती.

शेवटी सासू आली. तिनं हंडा खाली ठेवला, माझ्या शेजारी उकिडवी बसली आणि माझा हात चेंबरावरून उचलून स्वतःच्या मांडीवर घेतला. पाटकऱ्याला म्हणाली, "तू तुझं काम कर." मग माझ्याकडं वळली. "ऊठ. नंबर आपला हाय."

चावी बसली. त्यानं फिरवली. तोटीतून आधी हवा आली, मग पाणी. मी उठले आणि घागर लावली.